हेका आणि निष्ठा

'टांक्की टॅयटेन', म्हणजे 'टाकी पुरती भरा', ही विनोदी मालिका फिनलंडच्या दूरचित्रवाणीवर १९७८ साली सुरू झाली. जन्माने इंग्रज असून फिनलंडात स्थायिक झालेला नील हार्डविक व त्याचा सहकारी युसी तुओमिनेन हे तिचे लेखक. आडरस्त्यावरील पेट्रोल पंप, त्याचा मालक सुलो विलेन, पत्नी एम्मी आणि कॉफीच्या पेल्यापाशी रेंगाळणारा पोलीस शिपाई रेइनिकाइनेन यांच्याभोवती तिचा प्रपंच. गिऱ्हाईक क्वचितच फिरकते. टाकी भरा म्हणणार कोण? तरी सुलो जागचा हलत नाही.

हा केवळ विदूषक नव्हे. मागील दोन दशकांत फिनलंडची खेडी ओस पडत चालली होती. माणसे दक्षिणेतील शहरांत व स्वीडनच्या कारखान्यांत जात होती. स्वीडनकडील ओघ १९६९-७० मध्ये शिगेस पोहोचला. जे गेले त्यांना शहाणे म्हणावे, तर मागे राहिलेल्यास काय म्हणावे?

फिनिश लोक ज्या 'सिसू'चा अभिमान बाळगतात तो शब्द मूळचा 'आतले', 'अंतरंग' या अर्थाचा. आणि त्याच शब्दाने खुनशी स्वभावही दाखविता येतो. आपल्याकडे हट्ट, हेका, आग्रह, निर्धार अशी निरनिराळी नावे आहेत खरी. परंतु ती आपण बहुधा निकाल पाहून देतो. जिंकला तो निर्धारी, हरला तो हेकेखोर! हा न्याय आम्हांस पटत नाही. या हट्टाचा भार कोण वाहतो, हे आधी पाहावे. पंप सुलोचा, हट्टही त्याचाच. पण त्या ओसाड रस्त्यावर आयुष्य एम्मीचेही जाते. तेथे आमचे हसू थोडे अडखळते.

रेइनिकाइनेनवर १९८२ साली स्वतंत्र मालिका निघाली. तीत हा खेड्यातला शिपाई टाम्पेरे शहरात नोकरीस येतो. बदलीच्या नोकरांस हा प्रसंग समजावून सांगावयास नको. हुकूम येताच आम्ही बिऱ्हाड बांधतो, मुलांच्या शाळा बदलतो, नवी भाषा बाजारापुरती शिकतो आणि या लवचिकपणाला कर्तव्य म्हणतो. सुलोला जे माप लावले तेच येथेही लावावयास हवे. त्याच्या न हलण्याचा भार एम्मी वाहते, आमच्या हलण्याचा मुले. पहिल्या बदलीच्या वेळी आजीला मराठीत पत्र लिहिणारा मुलगा तिसऱ्या बदलीनंतर ते लिहीलच, असे नाही.