पोसणे आणि राबवणे

सिन्नरला अ‍ॅडव्हान्स्ड एन्झाइम्सचा कारखाना आहे. तेथे विकरे, म्हणजे स्टार्च, प्रथिने फोडणारी द्रव्ये, तयार होतात. अभियांत्रिकीचे विद्यार्थी असा कारखाना पाहू लागले, की नजर आधी पोलादी टाक्यांवर जाते. खरे कामकरी मात्र आत असतात: डोळ्यांना न दिसणारे सूक्ष्म जीव. यंत्राला हुकूम चालतो. यांना साखर, हवा, ऊब वेळेवर द्यावी लागते. काम सरले, की त्यांना गाळून बाजूला काढतात. मग ही माया म्हणावी की मतलब?

शेतकरीही बैल पोसतो तो राबवण्यासाठीच. तरी पोळ्याच्या आदल्या दिवशी त्याचे खांदे हळद-तुपाने मळतो. सूक्ष्म जिवांचा पोळा कोण करणार? त्यांचे ऋण एकाच रीतीने फेडता येईल: सांडपाणी निर्मळ करूनच गोदावरीच्या खोऱ्यात सोडावे. नदी स्वच्छ राखायला तेथेही त्यांचेच भाऊबंद राबत असतात.