नदीचा पूर आणि लोणारचा खड्डा

जानेवारी २०१८मध्ये औरंगाबादच्या वैदिक संमेलनात तेव्हाचे केंद्रीय मनुष्यबळ विकास राज्यमंत्री सत्यपाल सिंह यांनी डार्विनचा सिद्धान्त शास्त्रीयदृष्ट्या चुकीचा असल्याचं जाहीर केलं. कारण त्यांनी असं दिलं की, माकडाचा माणूस होताना पाहिल्याचं आपल्या पूर्वजांपैकी कुणी तोंडी सांगितलेलं नाही की लिहूनही ठेवलेलं नाही. देशातल्या तिन्ही विज्ञान अकादमींनी एकत्र निवेदन काढून याला उत्तर दिलं. तरीही २०२३मध्ये एनसीईआरटीच्या दहावीच्या पुस्तकातलं ‘आनुवंशिकता आणि उत्क्रांती’ हे प्रकरण नुसतं ‘आनुवंशिकता’ होऊन उरलं आणि अठराशेहून अधिक वैज्ञानिक व शिक्षकांना निषेधाच्या पत्रावर सह्या कराव्या लागल्या. आजच्या माकडांचा माणूस झाला असं उत्क्रांतीचा सिद्धान्त म्हणत नाही. माणूस आणि आजची माकडं यांचे पूर्वज समाईक आहेत असं तो म्हणतो. पण मला बोलायचं आहे ते या वादात विवेकवादी मंडळींकडून, म्हणजे माझ्याच बाजूने, हिरिरीने दिल्या गेलेल्या उत्तराबद्दल. ‘प्रयोगाने सिद्ध होतं तेच विज्ञान,’ असं आपण व्यासपीठांवरून सांगत आलो. मग रिचर्ड लेन्स्की यांनी १९८८पासून बारा बाटल्यांत वाढवलेल्या जिवाणूंचा दाखला द्यायचा आणि वाद जिंकला असं मानायचं. लेन्स्कींचं काम थोर आहे. पण या घोषणेने आपण प्रतिपक्षाची अट मुकाट्याने मान्य केली. डोळ्यांदेखत घडलेलंच खरं, हा मंत्र्यांचा दावा. डोळ्यांदेखत घडवून दाखवलेलंच खरं, हा आपला. दोन्ही मानले तर भूशास्त्र, जीवाश्मशास्त्र आणि खगोलशास्त्राचा मोठा भाग विज्ञानाबाहेर जातो.

वैदिक संमेलनाच्या व्यासपीठावरून हा मुद्दा यावा, याचं मला जास्त दुःख आहे. केवळ प्रत्यक्ष हेच प्रमाण, ही भूमिका आपल्याकडे चार्वाकांच्या नावावर आहे आणि तिच्याशी नैयायिक शतकानुशतकं भांडले. धूर दिसला की डोंगरावर आग आहे, हे उदाहरण सर्वांना माहीत असतं. वात्स्यायनाच्या न्यायभाष्यातलं दुसरं उदाहरण मात्र फारसं कुणी काढत नाही, आणि आपल्या वादाला नेमकं तेच लागू आहे. नदी भरून वेगाने वाहताना दिसली की वरच्या अंगाला पाऊस झाला असावा, असं आपण म्हणतो. पाऊस आपण पाहिलेला नाही, तो होऊनही गेलेला आहे. कार्यावरून कारणाकडे जाणारं हे अनुमान. न्यायसूत्रांतला पूर्वपक्ष त्यावर चोख आक्षेप घेतो: बांध घालून पाणी अडवलं तरी नदी फुगते, मग पाऊसच झाला कशावरून? उत्तरपक्ष म्हणतो, नुसत्या फुगलेल्या पाण्यावरून आम्ही पाऊस ठरवत नाही. पाण्याला ओढ आहे, त्यावर फेस आहे, फळं, पानं, लाकडं वाहत येताहेत. बांधाने तुंबलेल्या पाण्यात हे दिसत नाही. न पाहिलेल्या भूतकाळाविषयी ज्ञान कसं मिळवायचं, याची सगळी रीत या उत्तरात आहे. एकाच खुणेची दोन कारणं संभवत असतील, तर पहिल्या कारणातून निघेल आणि दुसऱ्यातून निघणार नाही अशी आणखी एक खूण शोधायची.

औरंगाबादहून दीडेकशे किलोमीटरवर, बुलढाणा जिल्ह्यात लोणार आहे. बेसॉल्टच्या काळ्या कातळात सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचं जवळजवळ वर्तुळाकार विवर आणि तळाशी खारं सरोवर. विष्णूने लोणासुराला मारलं ती ही जागा, असं लोककथा सांगते. हे विवर ज्वालामुखीचं असावं हा तर्क दीर्घकाळ चालला आणि तो अडाणीपणाचा नव्हता: सगळा दख्खनचा प्रदेशच लाव्हाचा, मग त्यातला खड्डाही त्याच घराण्यातला मानणं साहजिक होतं. हा झाला बांध. अडचण एवढीच की दख्खनचा लाव्हा सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा आणि विवर दिसायला कितीतरी ताजं. १९६४मध्ये लाफॉन्ड आणि डिट्झ यांनी ते उल्काघाताचं असेल का, असा प्रश्न लेखी विचारला. पण निकाल कशावर लागणार? उल्का पडताना पाहिलेला साक्षीदार मिळणं शक्य नव्हतं.

निकाल लागला तो एका काचेवर. बिहारमध्ये शेरघाटीला १८६५ साली उल्का पडली होती. तिच्यात मास्केलिनाइट नावाचा विचित्र पदार्थ सापडला. त्याच्या कणांचा बाहेरचा आकार फेल्डस्पारच्या स्फटिकाचा, पण आतली शिस्तबद्ध रचना मोडून काच झालेली. ती कशाने मोडते? मिल्टन आणि डी कार्ली यांनी स्फोटकं वापरून फेल्डस्पार असलेल्या खडकाला काही लाख वातावरणांइतक्या दाबाचा धक्का दिला आणि तशीच काच मिळवून १९६३मध्ये प्रसिद्ध केली. ज्वालामुखीत लाव्हा वितळतो, उसळतो, थिजतो. असा धक्का तिथे बसत नाही. दहा वर्षांनी, १९७३मध्ये, फ्रेड्रिक्सन, दुबे, मिल्टन आणि बालसुंदरम यांनी लोणारच्या खडकात मास्केलिनाइट असल्याचं दाखवलं आणि विवर उल्काघाताचं असल्याचं ठरलं. दोन्ही नावांच्या यादीत मिल्टन आहेत, इकडे लक्ष द्यावं. स्फोटाचा प्रयोग करणारा माणूस आणि लोणारचे दगड वाचणारा माणूस एकच होता. लोणारचा आघात कुणी पुन्हा घडवला नाही. प्रयोगाने एवढंच सांगितलं की ही खूण कोणत्या कारणाने उमटते. लोणारला तीच खूण आहे, हे निरीक्षणाने सांगितलं. यातलं एक काढलं तर दुसरं मुकं होतं.

इथपर्यंत मी निरीक्षणाची वकिली केली. पण निरीक्षणाला प्रयोगाची बरोबरी सरसकट बहाल करता येत नाही, आणि ते मान्य केल्याशिवाय पुढे जाणं अप्रामाणिक ठरेल. रजोनिवृत्तीनंतर संप्रेरकं घेणाऱ्या स्त्रियांना हृदयविकार कमी होतो, असं विसाव्या शतकाच्या अखेरीस मोठमोठ्या पाहण्यांतून दिसत होतं. हजारो स्त्रियांची वर्षानुवर्षांची काटेकोर नोंद होती ती. मग अमेरिकेत १६,६०८ स्त्रियांची चाचणी झाली. संप्रेरकं कुणाला द्यायची आणि नुसती दिखाऊ गोळी कुणाला, हे चिठ्ठ्या टाकावं तसं योगायोगावर सोडलं होतं. जुलै २००२मध्ये ती मुदतीआधीच थांबवावी लागली, कारण संप्रेरकं घेणाऱ्या गटात स्तनांचा कर्करोग, पक्षाघात आणि खुद्द हृदयविकारही अधिक निघाला. आधीच्या पाहण्यांत संप्रेरकं घेणाऱ्या स्त्रिया बऱ्याच अंशी मुळातच सुस्थितीतल्या आणि तब्येतीला जपणाऱ्या होत्या. नदी फुगलेली दिसली होती, पण फेस आणि पानं कुणी तपासली नव्हती. म्हणून ‘निरीक्षणही प्रयोगाइतकंच’ एवढ्यावर थांबता येत नाही. जिथे हात घालून पाहता येतं तिथे हात घातलाच पाहिजे. जिथे येत नाही, तिथे निरीक्षणावर जास्त कडक अट हवी: आपलं म्हणणं खोटं असतं तर काय दिसलं असतं, हे आधी सांगून मग ते शोधायला जायचं.

डार्विन या अटीला उतरतो का? माझ्या मते त्याच्याइतका क्वचितच कुणी उतरला असेल, आणि त्याला केवळ निरीक्षक म्हणणाऱ्यांनी त्याचं काम नीट वाचलेलं नाही. दूर समुद्रातल्या बेटांवर वनस्पती आल्या कुठून, हा त्याच्यापुढचा प्रश्न होता. त्या तिथेच स्वतंत्रपणे निर्माण झाल्या, हे प्रचलित उत्तर. त्या समुद्र ओलांडून आल्या असतील, तर बियांनी खाऱ्या पाण्यात तग धरायला हवा. त्याने ८७ प्रकारच्या बिया खाऱ्या पाण्यात ठेवल्या. त्यांपैकी ६४ प्रकारच्या बिया २८ दिवसांनंतरही रुजल्या आणि काही तर १३७ दिवसांनंतर. पण बी जिवंत राहूनही बुडालं तर पोहोचणार कसं? म्हणून त्याने फळांसकट ९४ वनस्पती वाळवून पाण्यावर सोडल्या. हेझलचं पिकलेलं ताजं फळ लगेच बुडालं. वाळवलेलं ९० दिवस तरंगलं आणि नंतर पेरल्यावर उगवलंही. पक्ष्यांच्या पायांना लागलेल्या चिखलातून बिया जात असतील का, हे पाहायला त्याने एका छोट्या तळ्याकाठी पाण्याखालच्या तीन जागांहून तीन टेबलचमचे चिखल उचलला. अभ्यासिकेत सहा महिने झाकून ठेवला आणि उगवेल ते प्रत्येक रोप उपटून मोजलं. न्याहारीच्या एका कपात मावणाऱ्या त्या चिखलातून ५३७ रोपं निघाली. नवी प्रजाती यांतल्या कुठल्याच प्रयोगात तयार झाली नाही. त्याचा तो हेतूही नव्हता. साखळीतली जी कडी हातात धरून ओढता येईल, ती त्याने ओढून पाहिली.

आणि ज्याला हात लावता येत नव्हता, तिथेही तो नुसता बघत बसला नाही. बियांना जो समुद्र पार होतो तो बेडकांना होऊ नये, कारण त्यांची अंडी खाऱ्या पाण्यात मरतात. म्हणजे दूरच्या सागरी बेटांवर बेडूक नसायला हवेत, आणि काही अपवाद सोडले तर ते नव्हतेच. बेटांचं हवामान त्यांना मानवत नसेल, असा आक्षेप येणार हे त्याने ओळखलं होतं. मदीरा, अझोर्स आणि मॉरिशसला माणसांनी बेडूक नेऊन सोडले, तर ते एवढे फोफावले की त्यांचा उपद्रव झाला, हे त्याने लगेच पुढे मांडलं. तो प्रयोग डार्विनने केला नव्हता, करणाऱ्यांना आपण प्रयोग करतोय याची कल्पनाही नव्हती. पण प्रतिपक्षाचं कारण कापायला तो पुरेसा होता. पूर्वपक्षाला त्याच्याच पुराव्यावर उत्तर देण्याची ही पद्धत कुठल्याही नैयायिकाने वाखाणली असती.

एक आक्षेप उरतो आणि तो मी हलका मानत नाही. लोणारचं वय पूर्वी सुमारे पन्नास हजार वर्षं सांगत. २०११मध्ये आर्गॉनच्या मापनातून ते सुमारे पाच लाख सत्तर हजार निघालं. दहापटींहून अधिक फरक पडत असेल, तर या शास्त्रावर विसंबायचं कसं? वय काढण्याच्या दोन पद्धती दोन वेगळ्या गोष्टी मोजतात. एकीत खनिजात साठलेल्या ऊर्जेवरून शेवटच्या तापण्याचा काळ काढतात, दुसरीत किरणोत्सर्गी पोटॅशियमपासून झालेला आर्गॉन मोजतात, आणि दोन्हींचे दोष वेगळे असतात. वाद वयाचा होता, चालूही राहील. मास्केलिनाइट मात्र त्या वादात जागचं हललेलं नाही. कोणता निष्कर्ष कशाच्या आधारावर उभा आहे आणि कुठला आधार निघाला तर काय कोसळेल, हे ज्याला सांगता येतं त्याला आकडा बदलल्याचा धक्का बसत नाही. हे आपण मुलांना शिकवत नाही, म्हणून व्यासपीठावरून ‘कुणी पाहिलं?’ असं विचारताच सभागृह गप्प होतं.

एनसीईआरटीने काढलेलं प्रकरण परत आलंच पाहिजे. पण ते होतं तसं परत येणं मला पुरेसं वाटत नाही. आपल्या राज्य मंडळाच्या २०१८च्या पुस्तकात दहावीच्या विज्ञानाच्या दुसऱ्या भागाची सुरुवातच आनुवंशिकता आणि उत्क्रांतीने होते, याचा मला अभिमान आहे. तिथेही पुराव्यांची यादी आहे: अवशेषांगं, जीवाश्म, भ्रूण. विद्यार्थी ती पाठ करतो आणि गुण मिळवतो. प्रत्येक पुराव्यापुढे एक प्रश्न छापला पाहिजे, की सिद्धान्त चुकीचा असता तर इथे काय सापडलं असतं. आणि कपभर चिखलाचा प्रयोग मुलांकडून करून घेतला पाहिजे. त्याला प्रयोगशाळा लागत नाही, गावचं तळं आणि सहा महिन्यांचा संयम लागतो. शाळेच्या वर्षात तेवढा वेळ सहज बसतो.