आपल्या हिश्श्यातील छिद्र

हजरत नुअमान बिन बशीर (रजि.) यांनी कथन केलेल्या एका हदीसमध्ये प्रेषित मुहम्मद (स.) यांनी जहाजाचा दाखला दिला आहे. चिठ्ठ्या टाकून काही प्रवाशांना वरचा मजला मिळाला, काहींना खालचा. खालच्यांना पाण्यासाठी वर जावे लागे. वरच्यांना त्रास देण्यापेक्षा आपल्याच हिश्श्यात छिद्र पाडावे, असे त्यांना वाटले. इतरांनी त्यांना तसे करू दिले तर सर्वच बुडतील आणि त्यांचे हात धरले तर सर्वच वाचतील, असे प्रेषितांनी (स.) समजावले.

बंधू-भगिनींनो, छिद्र पाडू पाहणाऱ्यांचा हेतू वाईट नव्हता. ‘जागा आमची, गरज आमची’ एवढेच त्यांचे म्हणणे होते. आज विकासाच्या नावाने हाच युक्तिवाद केला जातो.

अमेरिकेतील ‘डकोटा ॲक्सेस’ ही तेलवाहिनी नॉर्थ डकोटापासून इलिनॉयपर्यंत सुमारे १,८८० किलोमीटर लांब आहे. बिस्मार्क शहराच्या उत्तरेकडून मिसुरी नदी ओलांडण्याचा पर्याय आधी विचारात होता. तो नाकारण्यामागे शहराच्या पाणीपुरवठ्याला असलेला धोका हेही एक कारण होते. अखेर स्टँडिंग रॉक येथील सू आदिवासींच्या प्रदेशालगत, ओआही जलाशयाखालून मार्ग ठरला. त्या आदिवासींचे पिण्याचे पाणी त्याच जलाशयाचे! जे स्वतःसाठी पसंत, तेच भावासाठी पसंत केल्याशिवाय ईमान पूर्ण होत नाही, ही प्रेषितांची (स.) शिकवण येथे आठवावी.

एप्रिल २०१६ मध्ये तेथे प्रार्थनेची छावणी उभी राहिली. पुढे हजारो लोक जमले. ते स्वतःला आंदोलक नव्हे, पाण्याचे रक्षक म्हणवीत. नोव्हेंबरच्या गोठवणाऱ्या थंडीत त्यांच्यावर पाण्याचे फवारे मारले गेले. डिसेंबरमध्ये परवानगी रोखली गेली; परंतु सत्ताबदलानंतर ती मिळाली आणि जून २०१७ पासून तेल वाहू लागले.

मग त्यांचे कष्ट व्यर्थ गेले काय? नाही. हदीसमधील दाखल्यात हात धरण्याची जबाबदारी वरच्यांवर होती. येथे दुर्बलांनी बलवानांचा हात धरला. ते आपल्या धर्माचे नाहीत, पण पीडितांच्या साहाय्यासाठी मक्केत झालेल्या ‘हिल्फुल फुजूल’ कराराचा गौरव प्रेषितांनी (स.) प्रेषित्व मिळाल्यानंतरही केला होता.

आपल्या कारखान्याचे सांडपाणी कोणाच्या विहिरीत झिरपते, आपल्या सोयीचा धोका कोणाच्या दारी जातो, हे आपणही तपासावे. परिणाम अल्लाहच्या हाती आहे. हात धरला की नाही, याचा जाब मात्र आपल्याला द्यायचा आहे.

हे अल्लाह, आम्हाला कोणाच्याही हानीचे कारण बनवू नकोस आणि अन्याय रोखण्याचे बळ दे. आमीन.