शेजाऱ्याचा उपद्रव आणि सब्रचा खरा अर्थ



सोलापूरच्या यंत्रमाग कामगारांच्या वस्त्यांत एकाच भिंतीच्या दोन बाजूंना दोन संसार चालतात. शेजाऱ्याचे बोलणे सहज कानी पडते. त्यात कोणाचा दोष नाही. मात्र मुद्दाम कान लावणे, गच्चीवरून दुसऱ्याच्या अंगणात डोकावणे, मोबाइलने चित्रण करणे हा अपराध आहे.

दिव्य कुरआनच्या सूरह हुजुरातमधील 12व्या आयतीने टेहळणी निषिद्ध ठरविली आहे. सूरह नूरच्या 27व्या आयतीने परवानगी व सलामाशिवाय परक्या घरात प्रवेश करण्यास मनाई केली आहे. परवानगीचा नियम नजरेसाठीच आहे, असे प्रेषित मुहम्मद (स.) यांनी दारातून डोकावणाऱ्या एका माणसाला बजावल्याची नोंद सहीह बुखारीत आहे.

मग पीडिताने काय करावे? आपण त्याला 'सब्र करा' एवढेच सांगून मोकळे होतो. अबू दाऊद यांच्या हदीस-संग्रहातील एक प्रसंग पाहा. शेजाऱ्याच्या त्रासाची तक्रार घेऊन आलेल्या माणसाला प्रेषितांनी (स.) आधी दोन-तीनदा सब्र करण्यास सांगितले. त्रास थांबेना, तेव्हा घरातील सामान रस्त्यावर मांडण्यास फर्माविले. येणारे-जाणारे कारण विचारू लागले, शेजाऱ्याला दूषणे देऊ लागले. अखेर तो स्वतः आला आणि पुन्हा त्रास न देण्याची हमी देऊन त्याने सामान आत नेण्याची विनंती केली. येथे हात उगारला गेला नाही, पण अन्याय लपविलाही गेला नाही.

हाच मार्ग आपलाही असावा. भीतीचे कारण नसेल तर प्रथम एखाद्या वडीलधाऱ्यास सोबत घेऊन सौम्य शब्दांत समज द्यावी. भगिनींनी एकटीने जाऊ नये. त्याचा कॅमेरा फोडू नये, उलट शिवीगाळ करू नये. तारीख-वेळ लिहून ठेवावी, संदेश जपावेत. तो कोणत्याही धर्माचा असो, वाद व्यक्तीच्या वर्तनापुरताच ठेवावा. धमकी किंवा अंगावर येण्याची भीती असेल तर मध्यस्थीची वाट न पाहता 112 क्रमांकावर पोलिसांना बोलवावे. स्त्रीचे खासगी क्षण चोरून पाहणे वा टिपणे हा 1 जुलै 2024 पासून लागू असलेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम 77 नुसार गुन्हा आहे. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून स्त्रियांना मोफत कायदेशीर साहाय्य मिळते.

मोहल्ल्यातील जबाबदार मंडळींनो, 'इज्जत जाईल' असे म्हणून तक्रार करणाऱ्या भगिनीला गप्प बसवू नका. इज्जत डोकावणाऱ्याची जाते, तिची नव्हे. तिला गप्प करणे ही जुलमाला केलेली मदत होय.

ज्याच्या उपद्रवापासून शेजारी निर्धास्त नाही त्याला ईमान नाही, असे प्रेषितांनी (स.) तीनदा शपथेवर सांगितले आहे. हा निकष आपल्यालाही लागू आहे. आपल्या खिडकीसमोरचे घर आज रात्री निर्धास्त झोपेल ना, हे प्रत्येकाने स्वतःला विचारावे.

अल्लाह आपणांस शेजारधर्म पाळण्याची सद्बुद्धी देवो. आमीन.