ललाटलेख आणि कर्जखत

मूल जन्मल्यानंतर पाचव्या किंवा सहाव्या रात्री सटवाई येते आणि त्या बालकाच्या कपाळावर त्याच्या साऱ्या आयुष्याचा लेख लिहून जाते, ही श्रद्धा महाराष्ट्रात घरोघर आहे. आणि त्या रात्री तिच्यासाठी पाटावर कोरा कागद, दौत आणि लेखणी मांडून ठेवण्याची जी रीत आहे, तिच्यात तत्त्वज्ञानाचा एक अतिशय बिकट प्रश्न न बोलता मांडलेला आहे. कागद आपण पुरवायचा, शाई आपण भरायची, लेखणी आपण उजवीकडे ठेवायची, आणि लिहायचे मात्र तिने. शिवाय जे लिहिले जाईल ते आपल्याला वाचताही यायचे नाही आणि खोडताही यायचे नाही. पुढे आयुष्याच्या दुसऱ्या टोकाला यमाच्या दरबारात चित्रगुप्त आपले दप्तर उघडून बसलेला असतो. सटवाई होणारे लिहिते, चित्रगुप्त झालेले लिहितो, आणि या दोन लेखण्यांच्या मधल्या अवकाशात माणसाच्या स्वतःच्या हाताला काही अधिकार आहे की नाही, हा तो प्रश्न.

लोकमान्य टिळकांनी या प्रश्नाला ‘गीतारहस्या’त ‘कर्मविपाक व आत्मस्वातंत्र्य’ असे एक स्वतंत्र प्रकरणच दिले आहे. मंडालेच्या कारागृहात शिसपेन्सिलीने लिहिलेल्या त्या ग्रंथात, कर्माचा कायदा अढळ आहे हे पूर्णपणे मान्य करूनही, आत्म्याला प्रयत्नाचे स्वातंत्र्य उरते असे त्यांनी प्रतिपादिले. ते प्रतिपादन मला मान्य आहे. परंतु ललाटलेख बदलता येतो की नाही हे ठरविण्यापूर्वी त्या लेखाचे अक्षर कोणाचे आहे, हे तपासले पाहिजे असे मला वाटते, आणि शास्त्रकारांनी ही तपासणी फारशी केलेली नाही. ती कशी करावी हे शिकायचे असेल तर बोईसर, पालघर, डहाणू, तलासरी या पट्ट्यासारखी दुसरी शाळा नाही.

बोईसर स्थानकाच्या पश्चिमेस तारापूरची औद्योगिक वसाहत आणि १९६९ साली सुरू झालेले अणुविद्युत केंद्र. पूर्वेस, चिल्हार फाट्याकडच्या बाजूला, डोंगरांच्या कुशीत वारल्यांचे पाडे. या पाड्यांतील लग्नात गेरूने सारवलेल्या कुडाच्या भिंतीवर सवाष्णी तांदळाच्या पिठाने चौक लिहितात. हाती बांबूची, टोक ठेचून मऊ केलेली काडी. तिने आधी चौकोनी चौकट, तिच्या कडेने नक्षीच्या रांगा, आणि मध्यभागी पालघट देवी. शेजारच्या लहान चौकात घोड्यावर बसलेला पंचशिऱ्या देव. भोवती सूर्य, चंद्र, झाडे आणि माणसे. लग्न लावणारी स्त्री-पुरोहित, म्हणजे धवलेरी, गाणी गाऊन देवांना बोलावते, आणि देवी भिंतीवर येऊन बसल्याशिवाय लग्न लागत नाही. येथे नोंद घटनेच्या मागून येत नाही, घटना नोंदीची वाट पाहते. काल जो दिवस इतर दिवसांसारखा होता तो त्या काडीने लग्नाचा दिवस होतो. काळ घडविणारी लेखणी कल्पित कथांतून शोधणाऱ्याने ही काडी अवश्य पाहावी. त्यातही मला विशेष मोलाचे वाटते ते हे, की हा लेख कोणाला बांधत नाही. तो हळूहळू पुसट होतो, भिंत पुन्हा सारवली जाते, आणि पुढच्या लग्नाला नव्या हातांनी नवा चौक उभा राहतो.  

आता त्याच लग्नाचा दुसरा लेख पाहा. लग्नाला पैसा लागे, तो सावकार-जमीनदाराकडून येई, आणि त्याबद्दल जे कर्जखत होई त्याच्यावर अंगठा उठविणाऱ्याला त्यातले एक अक्षरही वाचता येत नसे. त्या अंगठ्यापासून तो तरुण त्या जमीनदाराचा लग्नगडी होई: मुदत नाही, मजुरी नाही, व्याज फिटत नाही, आणि पुष्कळदा पत्नीचे श्रमही त्याच खतात गहाण. एकाच विवाहासाठी एका लेखणीने शुभ काळ निर्माण केला आणि दुसरीने त्या दांपत्याचा पुढचा सारा काळ आपल्या वहीत जमा करून घेतला. ती वही सटवाईच्या लेखासारखीच होती, न वाचता येणारी आणि न खोडता येणारी. म्हणूनच त्या माणसांनी, आणि त्याहून अधिक आवेशाने त्यांच्या मालकांनी, तिला नशीब म्हटले. माझ्या मते धर्माच्या नावावर घडलेला हा सर्वांत मोठा बनावट दस्तऐवज होय. ईश्वराच्या हस्ताक्षराची नक्कल करून माणसाने माणसावर केलेली वसुली प्रारब्धाच्या खाती घालणे हे केवळ अन्यायाचे कृत्य नव्हे. ती देवनिंदा आहे.

२३ मे १९४५ रोजी तलासरीजवळ झरी येथे वारली जमले आणि वेठ करायची नाही असा निर्धार त्यांनी केला. शेतकरी चळवळीचे पुढारी शामराव आणि गोदावरी परुळेकर त्यांच्यासोबत होते. गोदावरीबाईंचे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हे पुस्तक त्याच लढ्याचे आहे. पुढे गावोगाव जाऊन लग्नगडी मोकळे करण्यात आले, आणि पिढ्यान्‌पिढ्यांचा ललाटलेख कोणत्याही अनुष्ठानावाचून पुसला गेला. सावित्रीनेही यमाशी वाद घालूनच सत्यवानाचे आयुष्य परत मिळविले होते, हे येथे आठवते.

याहून नवलाची गोष्ट कायद्याने केली. वेठबिगार पद्धती नष्ट करणारा १९७६ चा अधिनियम २५ ऑक्टोबर १९७५ पासून अमलात आला असे मानले गेले, आणि त्याने पुढची वेठच केवळ बंद केली नाही, तर तत्पूर्वीचे वेठीचे कर्ज फेडण्याची जबाबदारीही संपुष्टात आली असे ठरविले. भूतकाळातील एक लेख वर्तमानातील लेखणीने निष्प्रभ केला. आणि ज्यांना हे अशक्य वाटते त्यांनी ध्यानात घ्यावे की मुळात तो लेखही माणसानेच लिहिलेला होता.

सटवाईने काही लिहिलेच नसेल असे मी म्हणत नाही. जन्म, मृत्यू, देहाचे व्याधी, पर्जन्याची लहर यांत माणसाच्या आवाक्याबाहेरचा एक हात आहे आणि त्याच्यापुढे मी नम्र होतो. पण आजही या जिल्ह्यातील कुटुंबे दिवाळीनंतर वीटभट्टीसाठी उचल घेऊन घराबाहेर पडतात, कधी ती उचल लग्नापायीच असते, आणि हंगामाअखेर हिशेबाची वही मालकाच्याच हाती असते. ती वही त्या हाताची आहे काय? तिची तपासणी करण्याचा आणि वेठीतून माणसे सोडविण्याचा अधिकार १९७६ च्या अधिनियमाने जिल्हाधिकाऱ्यांकडे सोपविला आहे. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर जिल्हा वेगळा झाल्यापासून त्या कैफियतीसाठी ठाण्याला जावे लागत नाही. बोईसरहून निघाले की उमरोळी, आणि त्यापुढे पालघर.