तो मुद्दा काटकोनात आहे

आमच्या ऑफिसातली एक मीटिंग. विषय एकच होता, नवं ॲप महिनाअखेरीला बाहेर पडणार की नाही. टेस्टिंग करणाऱ्या मुलीने मध्येच सांगितलं की अर्जाचं पान स्क्रीन रीडरला वाचता येत नाही. नाव, पत्ता, जन्मतारीख या चौकटींना आतून लेबलंच लावलेली नव्हती. ज्याला दिसत नाही तो माणूस फोनवर बोट फिरवणार आणि फोन त्याला नुसतं "बटण, बटण, बटण" ऐकवत राहणार. समोरून उत्तर आलं, "दॅट्स ऑर्थोगोनल." सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही डोलावली. पुढचा मुद्दा सुरू झाला, ॲप ठरल्या दिवशी गेलं आणि ती लेबलं पुढे आठ महिने लागली नाहीत.

त्या दिवसापासून हा शब्द मला बोचतो आहे. गंमत नाही, खरंच बोचतो. कारण शब्द चुकीचा नव्हता. ॲपच्या तारखेचा आणि त्या लेबलांचा अर्थाअर्थी संबंध नव्हता. पण शब्द उच्चारला गेला आणि एक खरी अडचण टेबलावरून नाहीशी झाली. बरोबर शब्दाने असं चुकीचं काम कसं केलं, हे मला नीट समजून घ्यायचं होतं.

शब्द मुळात ग्रीक. 'ऑर्थोस' म्हणजे सरळ, ताठ. हाडांच्या दवाखान्याच्या पाटीवरचा 'ऑर्थो' तोच. 'गोनिया' म्हणजे कोन. दोन्ही मिळून काटकोन, एवढाच साधा अर्थ. गणिताने तो पुढे नेला. दोन सदिशांचा अदिश गुणाकार शून्य आला की ते एकमेकांना लंब. याचा व्यवहारातला अर्थ सोपा आहे: सपाट माळावर पूर्वेला कितीही चाललात तरी उत्तरेकडे तुमचं एक पाऊलही पडत नाही. तिथून संख्याशास्त्र, संगणकाच्या भाषा, मोबाइलच्या लहरी असं फिरत फिरत हे विशेषण ऑफिसच्या बोलण्यात आलं आणि तिथे त्याचा अर्थ झाला, 'याचा त्याच्याशी संबंध नाही.'

काटकोन मी पहिल्यांदा नीट पाहिला तो कंपासपेटीतल्या गुण्यात नव्हे, घराच्या पायाच्या आखणीत. गावाकडच्या घराचं काम निघालं होतं. गवंडीमामांनी एका खुंटीपासून दोरी ताणली, तिच्यावर ३ फुटांवर खूण केली. त्याच खुंटीपासून दुसरी दोरी आडवी धरून ४ फुटांवर खूण केली. मग दोन खुणांमध्ये टेप धरून दुसरी दोरी हळूहळू सरकवत राहिले, टेपवर बरोबर ५ फूट येईपर्यंत. ५ आले आणि ते म्हणाले, "आता मार फक्की." पांढऱ्या रेषा उमटल्या. शुल्बसूत्रांनी यज्ञवेदीसाठी सांगितलेलं कर्णाचं गणित त्या मातीत बिनबोभाट वापरलं गेलं होतं.

पुढे भिंती चढू लागल्या तेव्हा त्यांच्या हातात दोन गोष्टी सतत असत. ओळंबा उभ्यासाठी आणि पाणसळ आडव्यासाठी. भिंत ओळंब्यात असली म्हणून विटांचा थर पाणसळीत असेलच असं नाही, उलटही नाही. एकातली चूक दुसऱ्यात दिसत नाही. नेमकं म्हणूनच मामा दोन्ही लावत. "ओळंबा ठीक आहे ना, मग पाणसळीचं काय घेऊन बसलात" असं एखादा गवंडी म्हणाला तर त्याला दुसऱ्या दिवशी कामावर कोणी बोलावणार नाही. आमच्या मीटिंगमध्ये मात्र आम्ही हेच म्हणालो होतो.

या शब्दाची अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयातली एक हकीकत प्रसिद्ध आहे. ११ जानेवारी २०१० रोजी ब्रिस्को विरुद्ध व्हर्जिनिया या खटल्याची सुनावणी चालू होती. मिशिगन विद्यापीठातले कायद्याचे प्राध्यापक रिचर्ड फ्रीडमन युक्तिवाद करत होते. एक मुद्दा इथे पूर्णपणे ऑर्थोगोनल आहे, असं ते म्हणाले. सरन्यायाधीश रॉबर्ट्स यांनी थांबवून विचारलं, पूर्णपणे काय? फ्रीडमन यांनी अर्थ सांगितला: काटकोन, असंबंधित, गैरलागू. न्यायमूर्ती स्कॅलिया यांना विशेषण इतकं आवडलं की निकालपत्रात ते वापरायला हवं, असं ते तिथेच बोलून गेले.

लोक ही हकीकत शब्दाच्या कौतुकासाठी सांगतात. मला तिच्यातले ते तीन अर्थ महत्त्वाचे वाटतात. फ्रीडमन यांनी ते एका दमात सांगितले, जणू तिन्ही एकच आहेत. ते एक नाहीत. असंबंधित गोष्टींना भेटण्याचं कारणच नसतं. गैरलागू म्हणजे इथे जिचं काम नाही अशी. काटकोन मात्र व्हायचा तर दोन रेषा एकमेकींना भेटाव्याच लागतात. एक माझ्या गावात आणि दुसरी तुमच्या गावात असेल तर कोपरा कुठून होणार? काटकोनातल्या दोन गोष्टी एकाच घराच्या, एकाच कामाच्या असतात. फक्त एकीच्या जोरावर दुसरी पुढे सरकत नाही.

मराठीत आपण यासाठी कोणते शब्द वापरतो, ते मी आठवून पाहिले. 'असंबद्ध' म्हटलं की बडबड आठवते, तापात माणूस बोलतो तसली. 'अप्रस्तुत' म्हटलं की बोलणाऱ्याला गप्प बसवणं आलं. ओढूनताणून जोडलेल्या नात्यासाठी आपल्याकडे 'बादरायण संबंध' आहे: पाहुण्याच्या गाडीचं चाक बोरीच्या लाकडाचं, यजमानाच्या दारात बोरीचं झाड, म्हणून आपण सोयरे. नाही त्या नात्याला इतकं नेमकं नाव देणारी ही भाषा आहे. पटत नसेल तर ३६चा आकडा, गट्टी असेल तर ६३चा. ३ आणि ६ पाठ फिरवून उभे राहतात किंवा तोंडाला तोंड लावून. पण एकजण पूर्वेला बघतो आहे आणि दुसरा उत्तरेला, भांडण नाही आणि गट्टीही नाही, अशा नात्याला आकडाच नाही. आपल्या चर्चांचं पुष्कळसं दुखणं मला इथे दिसतं. कोणी वेगळा मुद्दा काढला की आपण लगेच विचारतो, "म्हणजे तू बाजूने की विरुद्ध?" तो तिसऱ्याच दिशेला बोट दाखवतोय, हे ऐकायला आपल्या कानात जागा नसते.

आणि योगायोग असा की काटकोनाच्या गणितातही एक मोठा ३६चा आकडा आहे, ज्याच्याशी एका मराठी माणसाचं नाव जोडलेलं आहे.

आधी छोटं उदाहरण घेऊ. शेताचे ९ वाफे, ३ आडव्या ओळी आणि ३ उभ्या रांगा. बियाण्याचे ३ वाण: क, ख, ग. खतं ३: १, २, ३. पहिल्या ओळीत क१, ख२, ग३. दुसऱ्या ओळीत ख३, ग१, क२. तिसऱ्या ओळीत ग२, क३, ख१. कागदावर मांडून पाहा. प्रत्येक वाण प्रत्येक ओळीत आणि प्रत्येक रांगेत एकदाच येतो, प्रत्येक खतही तसंच, आणि प्रत्येक वाणाला प्रत्येक खत बरोबर एकदाच भेटतं. गणितात अशा दोन चौकोनांना परस्पर ऑर्थोगोनल लॅटिन चौकोन म्हणतात. फायदा असा की वाणांची तुलना करताना खताचा पक्षपात होत नाही, कारण कुणाच्याही वाट्याला एखादं खत जास्त आलेलं नाही. इथे संबंध तोडलेला नाही. सगळ्यांची सगळ्यांशी गाठ घालून दिली आहे, म्हणून एकाचं माप दुसऱ्यात मिसळत नाही. हे लक्षात आलं तेव्हा मी बराच वेळ त्या नऊ वाफ्यांकडे बघत बसलो होतो.

गणितज्ञ ऑयलरने १७८२ साली हाच प्रश्न मोठा करून मांडला. ६ पलटणी, प्रत्येकीतून ६ हुद्द्यांचे ६ अधिकारी, एकूण ३६. त्यांना ६ बाय ६ च्या चौकोनात असं उभं करा की कुठल्याही ओळीत, कुठल्याही रांगेत पलटण किंवा हुद्दा दुबार येऊ नये. त्याला ते जमलं नाही. ६, १०, १४, १८ अशा कुठल्याच संख्येसाठी ते जमणार नाही, असा त्याने अंदाज बांधला. ६ पुरता तो खरा असल्याचं गॅस्टन टॅरी यांनी १९०० च्या सुमारास सिद्ध केलं. बाकीच्या संख्यांना हात लावायला आणखी अर्धं शतक लागलं.

१९५९ साली राजचंद्र बोस, शरच्चंद्र शंकर श्रीखंडे आणि ई. टी. पार्कर यांनी ऑयलरचा अंदाज मोडला. बोस आणि श्रीखंडे यांनी २२ चा चौकोन रचला, पार्कर यांनी १० चा, आणि तिघांनी मिळून दाखवलं की ६ पुढच्या अशा सगळ्याच संख्यांना चौकोन आहेत. न्यूयॉर्क टाइम्सने ही बातमी पहिल्या पानावर छापली. श्रीखंडे यांचा जन्म १९१७ चा, सागरचा, शिक्षण नागपूरला. पुढे मुंबई विद्यापीठाच्या गणित विभागाचे ते प्रमुख झाले. २०२० साली, १०२ व्या वर्षी ते गेले. आपल्या शाळांतल्या किती मुलांना त्यांचं नाव माहीत आहे? फार थोड्या. याचं मला वाईट वाटतं.

तुमच्या खिशातला ४जी फोनही याच तत्त्वावर चालतो. त्याच्या शेकडो उपलहरी १५ किलोहर्ट्झच्या अंतराने लावलेल्या असतात आणि त्या शेजारणीच्या हद्दीत शिरतात, एकमेकींवर पसरतात. तरी ऐकणारं यंत्र एकीचं बोलणं वेचतं तेव्हा दुसरीचा हिशोब शून्य येतो. गर्दीत एकत्र राहूनही कोणी कोणाच्या बोलण्यात मिसळत नाही.

एक सावधगिरीची गोष्ट सांगायलाच हवी, कारण आमच्या क्षेत्रातली शिकलेली माणसंही इथे घसरतात. दोन गोष्टींत सहसंबंध शून्य आला म्हणजे त्या स्वतंत्र, असं सर्रास समजलं जातं. समजा पाऊस बेताचा झाला तर १० पोती पिकतात. एक माप कमी पडला तर ५, एक माप जास्त पडला तरी ५. या तीन वर्षांचा सहसंबंध काढा, तो बरोबर शून्य येतो. संख्याशास्त्राच्या भाषेत पाऊस आणि पीक काटकोनात. पण शेतकऱ्याला विचारा की पिकाचा पावसाशी संबंध नाही का! पीक सबंध पावसावरच अवलंबून आहे, फक्त ते नातं सरळ रेषेत जात नाही. तेव्हा काटकोन सापडला की तपास संपला, असं मानता येत नाही. कधीकधी तो तिथून सुरू होतो.

आता पुन्हा त्या मीटिंगकडे. तारीख आणि लेबलं काटकोनात होती, याचा अर्थ काय होता? वेळेवर पोचण्यासाठी आम्ही रात्र रात्र जागलो त्या श्रमातून लेबलांच्या दिशेने एक पाऊलही पडणार नव्हतं. पूर्वेला चालत राहून उत्तर गाठता येत नाही. ज्याला उत्तरेला जायचं आहे त्याला तिकडे वेगळं चालावं लागतं, त्यासाठी वेगळा माणूस आणि वेगळा दिवस काढावा लागतो. त्या मुलीचा मुद्दा ऑर्थोगोनल होता, म्हणूनच तो वहीत स्वतंत्र ओळ घालून लिहायला हवा होता. आम्ही तो खोडला.

हेच घरात होतं. मुलाला गणितात ९५ पडले की त्याच्या एकटेपणाची चौकशी राहून जाते. आईचा रक्तदाब गोळीने आटोक्यात आला की तिला कशाची भीती वाटते, हे विचारायचं राहून जातं. मार्क आणि एकटेपण, गोळी आणि भीती. एक सुधारलं म्हणून दुसरं आपोआप सुधारत नाही.

इंग्रजी शब्द वापरू नये, असं माझं म्हणणं नाही. आपल्याकडे 'काटकोन' इतका स्वच्छ शब्द असताना 'तो मुद्दा काटकोनात आहे' असं म्हणून बघावं, एवढंच सुचवतो. काटकोन म्हटलं की कोपरा डोळ्यांपुढे येतो आणि कोपरा म्हटला की त्याची दुसरी भिंतही दिसते. पुढच्या वेळी तुमच्यासमोर कोणी एखादी अडचण 'ऑर्थोगोनल' म्हणून बाजूला सारली, तर कृपा करून एक प्रश्न विचारा: मग ती कोण बघणार आहे, आणि कधी? त्या दिवशी तो मी विचारला नाही. लेबलं शेवटी लागली, तेव्हा ते काम एका दुपारचं निघालं.