मृतांचे देणे

ऐतिहासिक चित्रपट काढणाऱ्यास कल्पनेवाचून एक पाऊलही टाकता यावयाचे नाही, हे आरंभीच मान्य केले पाहिजे. आमच्या बुलढाणा जिल्ह्यात सिंदखेडराजा येथे लखुजी जाधवरावांचा वाडा व भव्य समाधी आहे. जिजाबाईंचा जन्म तेथलाच. १६२९ साली निजामशाही दरबारात लखुजी पुत्रांसह मारले गेले. ती वार्ता येताच वाड्यात काय आकांत झाला असेल, ते समाधीचे दगड सांगत नाहीत. चित्रपटकर्त्यास मात्र ते दाखवावेच लागते, आणि त्यात त्याने कोणाचा अपराध केला असे कोणी म्हणणार नाही. पण तोच जर कथेच्या सोयीसाठी एखाद्या निरपराध सरदारास या हत्येचा सूत्रधार ठरवील तर? मेलेला मनुष्य अब्रूची फिर्याद लावू शकत नाही.

या प्रांतात भालजी पेंढारकरांएवढा दीर्घ उद्योग मराठीत क्वचितच कोणी केला असेल. गांधीवधानंतरच्या १९४८ च्या जाळपोळीत त्यांचा कोल्हापूरचा जयप्रभा स्टुडिओ भस्मसात झाला. तो पुन्हा उभारून त्यांनी १९५२ साली 'छत्रपती शिवाजी' व १९६४ साली 'मराठा तितुका मेळवावा' हे चित्रपट दिले. त्यांच्या शिवभक्तीविषयी शंकेस जागाच नाही.

आणि तरीही १९४१ चा 'थोरातांची कमळा' हा त्यांचाच! संभाजीराजे व कमळा यांच्या प्रेमाची ही दंतकथा आधीच रुळलेली होती. संभाजीराजांच्या छंदीफंदीपणाचे चित्र मुख्यतः त्यांच्या मृत्यूनंतर शतकाहून अधिक काळाने लिहिलेल्या चिटणीसी बखरीतून पसरले, व नाटककारांनी ते अधिकच रंगविले. वा. सी. बेंद्रे यांनी दीर्घ संशोधनाअंती १९६० साली चरित्र प्रसिद्ध करून त्या चित्राचा पायाच खणून काढला. म्हणजे केवळ भक्ती असली की न्याय होतोच असे नाही.

याबद्दल भालजींस दोष द्यावा काय? मला तसे वाटत नाही. १९४१ साली सुशिक्षितांचीही समजूत तीच होती. (चंद्रकांतांचे देखणे संभाजीराजे पाहून कागदपत्रे मागण्याचे भान कोणाला राहणार?) पण १९६० नंतर ही सबब उरली नाही. त्यापुढे जो निर्माता ती दंतकथा उचलील, तो जाणूनबुजून उचलील. आणि उलटपक्षी, त्याच राजास केवळ निर्दोष मूर्ती करून मांडणारा निर्माताही कागदाकडे पाठच फिरवीत असतो. टाळ्या मात्र दोघांनाही मिळतात.